एकोणीस श्वास

"मधल्या खुर्चीवर यंदा मावशीला बसू दे," इल्वा म्हणाली, आणि क्रेफिशचं मोठं पातेलं अजून चुलीवरून उतरलंही नव्हतं, तोच ऑगस्टमधली ती सोन्यासारखी दुपार नासायला लागली.

मधली खुर्ची तोराची, इल्वाच्या आईची. व्हरांड्यातल्या लांब टेबलाची तेवढी एकच खुर्ची तळ्याकडे तोंड करून होती. तिथे बसणाऱ्याच्या चेहऱ्यावर पाण्यावरचं ऊन हलत राही आणि समोरच्यांना दुसरीकडे बघायची सोयच उरत नसे. दर ऑगस्टला क्रेफिश, म्हणजे तळ्यातली नांग्यांची कोळंबी, पकडायची बंदी उठली, तळ्यात पिंजरे टाकता आले, की घरचे सगळे इथे जमत, आणि तोरा कुणी न सांगता त्या खुर्चीवर जाऊन बसे. राजाला कुणी बस म्हणतं का?

"मला कुठेही चालेल गं," दाग्नी पुटपुटली. तिचा आवाज टेबलाच्या दुसऱ्या टोकाला पोचला नाही.

"नाही मावशी. यंदा तू निवृत्त झालीस. मान तुझा."

तोराने हातातली शेपूची फुलं परातीवर पसरली. एकसष्ट वर्षांची झाली तरी ती हात असे हलवी, की शेवटच्या रांगेतल्यालाही कळावं शेपू आहे म्हणून.

"बस बाई, बस. अडतीस वर्षं खोक्यात काढलीस, आता जरा खुर्चीत बस. माझं काय, मी कोपऱ्यात बसले तरी माझ्यावर उजेड येतोच."

"आणायचो मी तो," अल्गोत म्हणाला. तोराचा नवरा. थिएटरात दिवे सांभाळण्यात त्याची हयात गेली होती. "फुकट येत नव्हता."

फोल्के तेवढा हसला. फोल्के म्हणजे इल्वाचा नवरा, दातांचा डॉक्टर. माणूस सरळ. घरात काही बिनसलं की हा उठून कुणालातरी काहीतरी वाढायचा. आताही त्याने चंद्राच्या तोंडाचे कागदी दिवे खांबांना अडकवले, कागदी टोप्या वाटल्या आणि तोरापुढे वाकून म्हणाला, "सासूबाईंसाठी सोनेरी. एकच होती."

"तुझ्या बायकोला दे," तोरा म्हणाली. "सध्या सोन्याचे दिवस तिचे आहेत."

इल्वाने नवऱ्याकडे बघून मान हलवली: नको, काही बोलू नकोस.

तर दाग्नी मधल्या खुर्चीवर बसली, अंग चोरून, दुसऱ्याचा कोट अंगावर घातल्यासारखी. तिने हात जोडले. या घरात जेवणाआधीची प्रार्थना तीच म्हणे, कारण वडिलांची चाल फक्त तिलाच नीट यायची.

या दोघी बहिणींचे वडील स्मोलांडच्या गावागावांतून प्रवचनं करत हिंडायचे. लांबट लाकडी पेटीवर ताणलेली एकच तार, ती गजाने वाजवायची, आणि बोलता बोलता गाऊ लागायचं. येशूने वादळाला दटावलं त्याची गोष्ट सांगताना ते मधेच थांबत. तार थांबे, गज हवेत. म्हातारी माणसं श्वास रोखून बसत. आणि मग इतक्या हळू आवाजात ते पुढची ओळ म्हणत, की मागच्या बाकावरच्या बायका पुढे सरकत. दोन्ही मुली त्यांच्यामागे उभ्या राहून पालुपद धरायच्या. तोराने त्या थांबण्यातून रंगभूमी उचलली. दाग्नीने प्रार्थना. वडिलांनी एकीला शाप दिला आणि दुसरीला आशीर्वाद. मुक्कामाला मात्र दोघी एकाच थिएटरात गेल्या.

दाग्नीने पहिली ओळ उचलली. अल्गोतने खर्जात साथ दिली. इल्वा गायली, फोल्केही सुराच्या आसपास राहिला. तोरा गायली नाही. ती इल्वाकडे बघत होती.

काल गावातल्या दुकानात चीज घ्यायला गेली असताना दुकानदाराच्या सुनेने साप्ताहिक पुढे केलं होतं. मुखपृष्ठावर इल्वा. "तुम्ही हिच्या आई ना?" सून म्हणाली. "किती गोड मुलगी हो!" चौदा चित्रपट, बर्लिनमधली तीन वर्षं, राजधानीत एका नाटकाचे दोनशे प्रयोग, आणि आता ती हिची आई! तोराने चीज घेतलं नाही. साप्ताहिक तेवढं घेतलं, आणि बोटीत टाकून आली.

*

दाग्नीने पहिला क्रेफिश मोडला, शेपटीतलं पांढरं मांस काढलं आणि नेहमीप्रमाणे इल्वाच्या ताटलीत ठेवलं. तिच्या लक्षातही आलं नाही. पोर चौतीस वर्षांची झाली, तरी बोटांना ते कळत नव्हतं.

"अजून भरवतेस?" तोरा म्हणाली.

"सवय गं."

"हो ना. मी बर्लिनमध्ये दिव्यांखाली भाजून निघत होते तेव्हा लावलीस ती सवय. परत आले तर माझी मुलगी दार उघडून मला म्हणाली, बाई, तुम्हाला कोण हवंय?"

"आठ वर्षांची होते मी, आई."

"मी तक्रार करत नाहीये. गोष्ट सांगतेय. चांगली गोष्ट आहे."

गप्प राहणं हाच दाग्नीचा धंदा. तरुणपणी दोघी एकदमच नाट्यशाळेच्या परीक्षेला गेल्या होत्या. तोराला पाठ दाग्नीनेच शिकवले होते, कुठे थांबायचं ते सुद्धा. परीक्षक म्हणाले, थोरलीची समज मोठी आहे, पण आवाज तिसऱ्या रांगेपुढे जात नाही. ज्याचा आवाज तिसऱ्या रांगेपुढे जात नाही त्याच्यासाठी थिएटरात एकच जागा असते. रंगमंचाच्या पुढच्या कडेला, जमिनीखालच्या खोक्यात, मान तेवढी वर, हातात नाटकाची वही. प्रॉम्प्टर. नटाचे डोळे खाली आले की शब्द द्यायचा. न आले तर जीव गेला तरी द्यायचा नाही. अडतीस वर्षं, तोरा बाहेरगावी नसे तेव्हा, दाग्नीने आपल्या बहिणीला खालून पाहिलं होतं. तिच्या चपलांचे तळ तिला पाठ होते.

लोक म्हणत, किती गुणाची बहीण. दाग्नीही म्हणे, देवाची कृपा. पण दर रविवारी प्रार्थनाघरात गुडघे टेकले की एकच रात्र तिच्यापुढे येऊन उभी राही. ती रात्र तिने देवापुढे कितीदा ठेवली असेल, गणती नाही. देवाने क्षमा केलीही असेल. पण देव काही तोराच्या घरी जाऊन निरोप देत नाही. ते चालत जायचं काम माणसाचं, आणि तेवढं चालणं दाग्नीला एकतीस वर्षांत जमलं नव्हतं.

"श्नाप्स!" फोल्के कडक दारूची बाटली घेऊन उठत म्हणाला. प्रत्येक पेल्याआधी म्हणायच्या गाण्यांचे छापील कागद त्याने सगळ्यांपुढे सरकवले. "पहिलं गाणं सासरेबुवांचं."

गाणं झालं. पेले रिकामे झाले. दाग्नीने आपल्यातलं सरबत संपवलं. आणि मग इल्वाने हात पुसून ते विचारलंच.

*

"आई, शुक्रवारी माझी शेवटची संधी आहे."

"कसली?"

"तुला माहितीये कसली."

सगळ्यांनाच माहीत होतं. 'घासलेली जमीन' हे नाटक शहरातल्या त्याच थिएटरात पुन्हा उभं राहत होतं, आणि मालेनाची भूमिका इल्वाला मिळाली होती. एकतीस वर्षांपूर्वी ती तोराने केली होती. मालेना शेतघराची मालकीण. नवरा अमेरिकेला गेलेला. सतरा वर्षं पत्र नाही, पैसा नाही. शेवटच्या अंकात ती गुडघ्यांवर बसून घराची लाकडी जमीन घासत असते, आणि दार उघडतं. दारात नवरा, कडेवर दुसऱ्या बाईचं मूल. मालेना उठते. काहीच बोलत नाही. आणि मग म्हणते: "बूट बाहेर काढ. जमीन आत्ताच घासलीय." पडदा.

त्या 'काहीच बोलत नाही'वर तोराचं सगळं आयुष्य उभं होतं. पहिल्या प्रयोगाला ती एकोणीस श्वास गप्प राहिली. वर दिव्यांपाशी अल्गोत मोजत होता. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांनी त्या शांततेवर रकाने भरले. एकाने लिहिलं, या बाईने आपल्याला जमिनीकडे बघायला शिकवलं. तिथून चित्रपट, तिथून बर्लिन. पुढे या नाटकाचाही चित्रपट झाला, आणि चित्रपटाचं संकलन करणाऱ्याने ती शांतता चार श्वासांवर आणली. तोराने त्याला जन्मभर माफ केलं नाही.

"दिग्दर्शक म्हणतात, माझी शांतता रिकामी आहे," इल्वा म्हणाली. "नुसती थांबलेली बाई दिसते म्हणे. शुक्रवारच्या तालमीपर्यंत नाही जमली, तर चित्रपटासारखी चार श्वासांची करणार."

"मग चारची कर. लोकांना आता घाई असते."

"आई."

"काय?"

"त्यात तू काय ठेवलं होतंस? डोक्यात काय चाललं होतं? सहा आठवडे मी शोधतेय. मेलेल्या आजोबांना आठवून पाहिलं. तू मला सोडून बर्लिनला गेलीस ती सकाळ आठवून पाहिली."

"ती तरी उपयोगी पडली का?"

"नाही. फक्त रडू येतं."

"रडू नकोच तिथे."

"तेच तर! तेवढं कळतं मला. पुढचं सांग ना."

तोराने नांगी दातांत धरून मोडली, चोखली आणि बाजूला ठेवली. इल्वा बघत राहिली. लहानपणी तिला वाटे, आईकडे एक कपाट आहे, त्याची किल्ली ती कधीतरी देईल; शाळेत पहिली आले की, नाटकात घेतलं की, लग्न झालं की. आज तिला दिसत होतं, किल्ली आईच्या मुठीत आहे आणि मूठ उघडायची नाही म्हणून आईला बरं वाटतंय. आईच्या ओठांच्या कोपऱ्यात ते बरं वाटणं स्पष्ट बसलं होतं.

"अशा गोष्टी सांगून येत नाहीत," तोरा म्हणाली. "एकतर असतात, नाहीतर नसतात."

"सासूबाई, बटाटे घ्या," फोल्के म्हणाला.

"मी करून दाखवते," इल्वा उठली. "इथेच. तू बघ आणि काय चुकतंय ते सांग. तेवढं तरी करशील? फोल्के, पायऱ्यांवर उभा राहा. तू नवरा."

"तो मी आहेच."

"टोपी काढ. मूल घे."

फोल्केने टोपी काढली आणि खुर्चीवरची शाल गुंडाळून कडेवर घेतली. छातीवर बांधलेलं फडकं तसंच राहिलं, त्यावर शेपूचे तुरे चिकटलेले. अल्गोत खोकत हसला. पण इल्वा गुडघ्यांवर बसली होती, आणि तिने त्या साध्या फळ्यांवरून हात असा फिरवला, की अल्गोतचं हसू जागीच थांबलं.

अल्गोतने आयुष्यात पुष्कळ नट्या पाहिल्या होत्या, वरून. वरून नट खोटं बोलू शकत नाही, असं तो म्हणे. आता पोर उठून उभी राहिली, आणि जुन्या सवयीने त्याने मोजायला घेतलं. एक. दोन. अरे, ही तर चांगली उभी राहते. तीन. चार. खांदे सोडलेत. पाच. त्याने हळूच बायकोकडे पाहिलं. पन्नास वर्षांची नजर त्याची. चेहऱ्यावर सावली कुठून येतेय ते त्याला लगेच कळे. नको, तोरा, तो मनात म्हणाला. नको.

इल्वाची नजर फोल्केवरून सुटून खाली, फळ्यांकडे गेली. सहा.

"बूट बाहेर काढ," तोरा बोलली. "जमीन आत्ताच घासलीय."

तोच आवाज. तळ्यापलीकडे जाऊन परत आला असेल. फोल्के बिचारा इतका दचकला, की खरंच वाकून बुटाची नाडी सोडायला लागला.

"मी विसरले नव्हते," इल्वा हळूच म्हणाली.

"तुझे डोळे खाली आले. डोळे खाली आले की शब्द द्यायचा असतो. नियमच आहे." तोराने मान वळवली. "नाही का गं, दाग्नी? तू सांग. तुझ्याइतका तो कुणाला माहीत?"

*

एकतीस वर्षं. आणि तोराला माहीत होतं!

दाग्नीच्या हातातली शेपटी ताटलीत पडली. मधल्या खुर्चीवरचं ऊन नेमकं तिच्या तोंडावर होतं. लपायला खोकं नव्हतं.

"तू पाहिलं होतंस," ती म्हणाली.

"पाहणारच. दुसरीकडे बघायला होतं काय?"

"काय पाहिलं होतं?" अल्गोत म्हणाला. "कुणी मला सांगेल का?"

"मी विसरले होते, अल्गोत."

"काय विसरली होतीस?"

"ओळ! दार उघडलं, मी उठले, आणि डोकं साफ. पाटी पुसल्यासारखं. नाटकाचं नाव आठवेना मला. माझं स्वतःचं आठवेना."

"पण ते एकोणीस..." अल्गोतचं तोंड उघडंच राहिलं. ही गोष्ट त्याने लग्नांत सांगितली होती, अंत्यविधीनंतरच्या कॉफीवर सांगितली होती, एकदा तर न्हाव्याकडे अर्ध्या दाढीत. "तू विसरली होतीस?"

"साफ. म्हणून मी खाली पाहिलं. खोक्यात. आणि माझी बहीण तिथे बसली होती. वही उघडी. बोट ओळीवर."

सगळे दाग्नीकडे वळले.

दाग्नीने मांडीवरचं फडकं घडी करून टेबलावर ठेवलं. तिला वाटलं होतं, हा क्षण आला की ती रडेल. पण आवाज कोरडाच निघाला, आणि नवल म्हणजे, पायऱ्यांपर्यंत नीट पोचला.

"ओळ माझ्या जिभेवर होती. मी गिळली."

"मावशी?"

"त्या संध्याकाळी तुला ताप होता, इल्वा. तीन वर्षांची होतीस. तू आई आई करत होतीस, तोरा आरशासमोर होती, आणि तिने मला सांगितलं, जा, तू जाऊन घे तिला, तुला दुसरं काम काय आहे. मी तुला निजवलं, धावत आले, खोक्यात बसले. तिने माझ्याकडे पाहिलं आणि मला वाटलं, आता उभी राहा. एकदा तरी उभी राहा, हातात काही नसताना. सगळ्या गावाने बघू दे." ती तोराकडे वळली. "मला तू पडायला हवी होतीस, तोरा. देवाशपथ, मला ते हवं होतं. आणि तू पडली नाहीस. उलट..."

"उलट मी मोठी झाले," तोरा म्हणाली.

"हो."

"तुझ्या तोंडाकडे बघून."

पाण्यावरून कुठल्यातरी बोटीचं इंजिन फटफटत गेलं. फोल्के एक बूट काढून, शाल कडेवर घेऊन तसाच उभा होता.

"तुला सांगू, तेव्हा काय चाललं होतं?" तोरा इल्वाला म्हणाली, पण बघत होती बहिणीकडे. "मी खाली पाहिलं आणि मला एक तोंड दिसलं. लहानपणापासून ओळखीचं. त्या तोंडाला मी मेलेली हवी होते. आणि त्याच तोंडाने मला अक्षरं शिकवली होती. मला वाटलं, बरं. देऊ नकोस. मी पण मागणार नाही. मी बघत राहिले, ती बघत राहिली. मग मी नजर काढली, आणि शेजारी ओली फळी दिसली, मी स्वतः घासलेली. तेव्हा ओळ आली. बस. एवढंच ठेवलं होतं मी त्या शांततेत. वर्तमानपत्रवाल्यांना वाटलं, बाई घराच्या जमिनीकडे बघतेय."

"आणि इतकी वर्षं तू मला बोलली नाहीस," दाग्नी म्हणाली.

"काय बोलू? आभार मानू तुझे? का भांडू? भांडले असते तर सांगावं लागलं असतं, की मी विसरले होते. जगातला माझा सगळ्यात मोठा क्षण, आणि तो निम्मा तुझा. मला तो वाटून घ्यायचा नव्हता."

इल्वा फळ्यांवर तशीच उभी होती. तिला राग यायला हवा होता. मघाचा अपमान अजून कानात गरम होता. पण आत काहीतरी खट्‌कन जागेवर बसलं होतं. सहा आठवडे ती त्या शांततेत दुःख भरत होती. आणि तिथे दुःख नव्हतंच. तिथे कुणीतरी समोर होतं.

"माझ्या खोक्यात कोण आहे?" ती म्हणाली. "तिथे एक नवी मुलगी बसते. तिला मी आवडते. खाऊचे डबे आणते माझ्यासाठी. मी खाली पाहिलं की ती लगेच हसते."

"मी येते," दाग्नी चटकन म्हणाली. "शुक्रवारी मी बसते. ते मला परत घेतील."

"मावशी, तू माझ्यावर जळत नाहीस."

ते खरं होतं. दाग्नीने प्रयत्न करूनही ते खोटं झालं नसतं.

कुणी तोराकडे बघितलं नाही. बघण्याची गरज नव्हती. मघा सहाव्या श्वासाला जे दिसलं ते सगळ्यांना दिसलं होतं.

तोराने सोनेरी टोपी टेबलावरून उचलली, इल्वाच्या जागेवर ठेवली आणि उठली.

"चला धक्क्यावर," ती म्हणाली. "इथून उंची नीट येत नाही."

*

धक्क्याला बोट बांधलेली होती. अल्गोतने हात दिला, तोरा कण्हत कण्हत बोटीत उतरली आणि मधल्या फळीवर बसली. काल टाकलेलं साप्ताहिक तिथेच होतं, ते तिने पायाखाली सरकवलं. आता तिची हनुवटी धक्क्याच्या फळ्यांच्या रेषेत आली. वर इल्वाच्या चपला. असं दिसतं होय, तिला वाटलं. अडतीस वर्षं असं.

"तू बोलशील," दाग्नी धक्क्याच्या कडेला गुडघे टेकून बसत म्हणाली. "तुला राहवणार नाही. तू आयुष्यात कधी गप्प बसलीस?"

"एकोणीस श्वास बसले होते."

"हे वेगळं आहे. तेव्हा तुझ्याकडे शब्द नव्हता. शब्द जवळ असताना गप्प बसणं फार अवघड असतं. जीभ टाळूला लाव. हं. आणि नाकाने श्वास घे, नाहीतर ओठ हलतात."

"तू शिकवू नकोस मला."

"मग कोण शिकवणार?"

तोराने जीभ टाळूला लावली.

फोल्के एका पायात बूट, एका पायात मोजा अशा अवतारात धक्क्याच्या टोकाला उभा राहिला. इल्वा गुडघ्यांवर बसली, फळ्यांवरून हात फिरवला, आणि चाहूल लागून उठली.

सूर्य अजून झाडांवर होता. तळं नितळ. तोरा वर बघत होती. पोरीने नवऱ्याकडे पाहिलं, मुलाकडे पाहिलं. मग नजर खाली आली, सरळ तोराच्या डोळ्यांत.

सात. आठ. तोराला वाटलं होतं, मत्सर हा आणायचा असतो, डोळ्यांत जमवायचा असतो. काहीच आणावं लागलं नाही. ही मान. ही चौतीस वर्षांची सुरकुती नसलेली मान. अकरा. बारा. आणि नुसती मान असती तर परवडलं असतं. ही पोर चांगली होती. हिच्या हातांना काही करायची घाई नव्हती. तोराला तिशीत ते जमलं नव्हतं, तेव्हा ती हात स्कर्टच्या घड्यांत लपवायची. पंधरा. उद्या लोक हिचं बोलतील, आणि म्हणतील, आईने पण केली होती म्हणे ही भूमिका, कशी केली होती कोण जाणे. सतरा. ओळ तोंडात आली. गरम बटाट्यासारखी जीभ भाजू लागली. एक शब्द. एकच टाकला तर पुन्हा सगळं आपलं.

दाग्नीने वरून तिच्या खांद्यावर हात ठेवला. दाबला नाही. नुसता ठेवला.

अल्गोत काठावर उभा राहून ओठ हलवत होता. एकोणीस झाले. वीस झाले. त्याने मोजणं सोडून दिलं.

इल्वा बघत होती. वरच्या त्या चेहऱ्यावर तोराने एक गोष्ट सावकाश उमटताना पाहिली: पोरीला कळलं. आईला काय वाटतंय ते सगळं, तळापर्यंत, कळलं. आणि ती मागे हटली नाही, रडली नाही, केविलवाणी झाली नाही. तिने ते घेतलं.

तोराने ओळ गिळली.

इल्वाने नजर काढली, शेजारच्या फळीकडे नेली. "बूट बाहेर काढ," ती म्हणाली. आवाज मोठा नव्हता. "जमीन आत्ताच घासलीय."

फोल्केने बुटाला हात लावला नाही. तो रडत होता, शालीत तोंड खुपसून.

मग तोराने घाम पुसावा तसे डोळे पुसले, आणि बहिणीकडे न बघता म्हणाली, "शुक्रवारी गाडी कितीची आहे?"

"साडेआठची," दाग्नी म्हणाली. "खोक्यातलं बाकडं कडक आहे. उशी लागेल तुला."

"तुझी दे."

दाग्नीने तिच्या खांद्यावरचा हात काढून घेतला.

"माझी नाही देणार," ती म्हणाली. "दुसरी शिवून देते."